गुडघ्याचा सातबारा

९९६.४३.

हा लॉटरीचा नंबर नाही, पीएमटीच्या बसचाही नाही. अमेरिकेतल्या हॉस्पिटलांच्या कागदांवर १ ऑक्टोबर २००५ पासून ३० सप्टेंबर २०१५ पर्यंत या आकड्याचा अर्थ होता 'पेशंटच्या शरीरात बसवलेला कृत्रिम सांधा तुटला'. त्याच्या पुढच्या दिवसापासून त्याची जागा टी८४.०१ या गटाने घेतली. त्यात उजवा खुबा तुटला तर शेवटी शून्य, डावा खुबा तुटला तर एक, उजवा गुडघा दोन, डावा गुडघा तीन.

हेल्थकेअर डोमेनच्या प्रोजेक्टवर पडलेल्या प्रत्येकाची या कोडांशी कधी ना कधी गाठ पडते. पहिल्या आठवड्यात सगळे हसतात, कारण या यादीत 'जेट इंजिनात ओढला गेला, नंतरची भेट' असल्या प्रसंगालाही कोड आहे. (पहिल्या भेटीनंतर 'नंतरची भेट' होते हेच नवल!) दुसऱ्या आठवड्यात हसू थांबतं, कारण क्लायंटचं बिल नेमकं त्या सातव्या अक्षरावर अडकलेलं असतं. मग आपण कोड म्हणजे बिलाची भानगड असं समजून मोकळे होतो. मला मात्र या तुटलेल्या सांध्याच्या कोडामागे एक मोठी गोष्ट दिसते. ती शिकागो, इंदापूर आणि ऑस्ट्रेलियावरून फिरून शेवटी आपल्या आजीच्या गुडघ्यापाशी येते. म्हणून आजचा हा लेख.

आधी २००५ मध्ये नेमकं काय झालं ते बघू. त्याआधी एकच कोड होता, ९९६.४. हाडाच्या आत बसवलेल्या कुठल्याही वस्तूत 'यांत्रिक बिघाड' झाला की हा कोड टाकायचा. सांधा ढिला झाला, ९९६.४. निखळला, ९९६.४. तुटला, तरी ९९६.४. आपल्या भाषेत सांगायचं तर कुठलाही एक्सेप्शन आला तरी स्क्रीनवर 'समथिंग वेंट राँग' एवढंच दाखवणारं सॉफ्टवेअर. युजरला ते चालतं एक वेळ, पण बग शोधायला बसलेल्या माणसाने काय करायचं?

२००५ मध्ये या एका डब्याचे कप्पे केले. सांधा ढिला झाला तर ४१, निखळला तर ४२, तुटला तर ४३, सांध्याभोवतीचं हाड मोडलं तर ४४, भोवतीचं हाड झिजून विरघळायला लागलं तर ४५, घासणारा पृष्ठभाग झिजला तर ४६. वाचताना हा शब्दच्छल वाटेल. पण '४३' आणि '४४' मधला फरक बघा. पहिल्यात धातूचा किंवा सिरॅमिकचा भाग मोडलाय, म्हणजे संशयाची सुई वस्तूकडे, तिच्या डिझाइनकडे, तिच्या भट्टीकडे जाते. दुसऱ्यात सांधा शाबूत आहे आणि हाड मोडलंय, म्हणजे पेशंट कदाचित न्हाणीघरात घसरून पडलाय. घरचे दोन्हीला 'ऑपरेशन केलेला पाय पुन्हा मोडला' असंच म्हणतील. उपाय वेगळा, कारण वेगळं, दोष वेगळ्याचा. पुढे २०१६ मध्ये अमेरिकनांनी हाड मोडण्याचा प्रकार 'टी' मधून उचलून एम९७ या स्वतंत्र गटातच नेला, इतका हा फरक त्यांना महत्त्वाचा वाटला.

कप्पे केल्याचा फायदा लगेच दिसला. ऑक्टोबर २००५ ते डिसेंबर २००६ या पंधरा महिन्यांतल्या खुब्याच्या ५१,३४५ फेरशस्त्रक्रियांचा अभ्यास २००९ मध्ये छापून आला. पहिल्यांदाच देशाच्या पातळीवर कळलं की अमेरिकेत खुबा पुन्हा उघडावा लागतो तो कशामुळे. सांधा अस्थिर होऊन निखळणे २२.५ टक्के, ढिला होणे १९.७ टक्के, जंतुसंसर्ग १४.८ टक्के. प्रत्येक सर्जनला आपापल्या ओटीतलं माहीत होतंच. सगळ्यांच्या ओटींची बेरीज मात्र कुणाकडे नव्हती, कारण बेरीज करायची तर आधी एककं सारखी लागतात. कोड म्हणजे ते एकक.

आता थोडं मागे जाऊ. आजारांची अशी आंतरराष्ट्रीय यादी करायचा उद्योग सुरू झाला तो मरणापासून. १८५३ मध्ये ब्रसेल्सला भरलेल्या पहिल्या सांख्यिकी परिषदेने लंडनचा विल्यम फार आणि जिनिव्हाचा मार्क देस्पिन या दोघांना मृत्यूच्या कारणांची यादी करायला सांगितलं. १८५५ मध्ये दोघांनी दोन वेगळ्या तत्त्वांवर दोन वेगळ्या याद्या आणल्या (कुठल्याही आर्किटेक्चर मीटिंगमध्ये होतं तेच), आणि परिषदेने १३९ कलमांची तडजोडीची यादी केली. ती फारशी कुणी वापरली नाही. पुढे १८९३ मध्ये शिकागोच्या बैठकीत पॅरिसच्या जॅक बर्तियाँने नवी यादी मांडली, ती टिकली. आजच्या आयसीडीची, म्हणजे आजारांच्या आंतरराष्ट्रीय वर्गीकरणाची, ती पहिली आवृत्ती म्हणायची.

यातली गंमत अशी की १९४८ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने सहावी आवृत्ती आणेपर्यंत ही यादी मुख्यतः मेलेल्या माणसांची होती. जो आजार मारत नाही त्याला त्या यादीत जागा नाही. गुडघा मारत नाही. गुडघा फक्त बसू देत नाही, उठू देत नाही, देवळाची पायरी चढू देत नाही. सांध्यांच्या दुखण्याला कागदावर यायला उशीर झाला याचं एक कारण हे.

आपल्याकडे इंग्रजी अमदानीत काय होतं? गावचा पाटील जन्म-मृत्यू लिहायचा. मृत्यूच्या कारणांचे कप्पे मोजकेच होते. पटकी, देवी, प्लेग, ताप, हगवण, श्वसनाचे विकार, इजा आणि इतर. ज्याचं काही कळलं नाही तो 'ताप'. त्यामुळे वर्षानुवर्षं सरकारी अहवालांत हिंदुस्थान तापाने मरत राहिला. मलेरिया, विषमज्वर, बाळंतरोग, सगळे एका खात्यावर. म्हणजे ९९६.४ ची चुलत पणजी आपल्याच गावच्या चावडीत बसली होती.

पण म्हणून 'आपल्याला वर्गीकरण जमत नाही' असं म्हणाल तर थांबा. त्याच चावडीच्या दप्तरात दुसरं एक वर्गीकरण होतं, जगात नाव काढावं इतकं बारीक, आणि त्याची सुरुवात झाली आपल्या इंदापूर तालुक्यात.

पेशवाई बुडाल्यावर पुणे जिल्ह्यात जमिनीचा सारा ठरवायला रॉबर्ट कीथ प्रिंगल नावाच्या मुलकी अधिकाऱ्याने १८२८ च्या सुमारास मोजणी सुरू केली. त्याची कल्पना कागदावर सुंदर होती. प्रत्येक प्रकारच्या जमिनीचं एकूण उत्पन्न काढायचं, त्यातून लागवडीचा खर्च वजा करायचा आणि उरलेल्या निव्वळ उत्पन्नाच्या ५५ टक्के सरकारने घ्यायचे. प्रत्यक्षात हे निव्वळ उत्पन्न कुणालाच धड मोजता येईना. हाताखालच्यांनी लाच खाऊन वाटेल ते आकडे भरले, सारा डोईजड झाला आणि इंदापुरातली शेतं पडीक पडली. अनेक कुणबी गाव सोडून शेजारच्या निजामाच्या मुलखात गेले.

मग १८३५ मध्ये गोल्डस्मिड आणि विंगेट ही जोडी इंदापुरात आली. गोल्डस्मिड मुलकी खात्यातला, विंगेट लष्करातला इंजिनिअर. (शेवटी इंजिनिअरच बोलवावा लागतो!) त्यांनी निव्वळ उत्पन्नाचा नाद सोडला आणि डोळ्यांनी दिसेल, हाताने मोजता येईल तेवढंच लिहायचं ठरवलं. मातीचा रंग आणि पोत कसा, खोली किती, आणि दोष कुठले. चुनखडी आहे का, वाळू आहे का, उतार आहे का, पाणी साठतं का. प्रत्येक दोषाला ठरलेली खूण, आणि एका दोषामागे जमीन एक प्रत खाली. सोळा आण्यांपासून दोन आण्यांपर्यंत एकूण नऊ प्रती. १८३६ मध्ये इंदापुरात तीस वर्षांसाठी नवे दर लागले, शेतं पुन्हा वहितीखाली आली, आणि १८४७ च्या संयुक्त अहवालात हीच पद्धत पक्की होऊन मुंबई इलाखाभर पसरली. आपला सर्व्हे नंबर त्याच झाडाचं फळ.

विंगेटच्या पद्धतीतून कोडिंगचे दोन धडे मिळतात. एक, कोड असा हवा की दोन वेगळ्या माणसांनी तीच जमीन बघितली तर तोच आकडा लिहिला पाहिजे. दोन, प्रत वेगळी आणि नंबर वेगळा. प्रत सांगते जमीन कशी आहे, सर्व्हे नंबर सांगतो जमीन कुठली आहे. डेटाबेसवाल्यांना हे सांगायला नको. पहिला नुसता अ‍ॅट्रिब्यूट, दुसरी प्रायमरी की.

ही सवय या भागात इतकी मुरली आहे की आजही बारामती-इंदापूरच्या ऊसपट्ट्यात ती जागोजागी दिसते. भवानीनगरचा छत्रपती असो, माळेगाव असो की सोमेश्वर, लागण झाली की कारखान्याकडे उसाची नोंद होते. कारखान्याचा चिटबॉय बांधावर येतो. गट नंबर, क्षेत्र, लागणीची तारीख, आडसाली की पूर्वहंगामी की सुरू की खोडवा, आणि जात कुठली. को ८६०३२ हा नुसता आकडा उच्चारला की कुठल्याही पारावर त्या उसाची उंची, उतारा आणि खोडव्याचा गुण यावर अर्धा तास चर्चा होते. तोडणी त्या नोंदीच्या क्रमाने, काट्यावरची पावती त्या नोंदीवर, बिल त्या नोंदीवर. उद्या एखाद्या जातीवर तांबेरा आला, तर ती जात कुणाकुणाच्या रानात आहे हे कारखाना एका दिवसात काढून देईल. गोठ्यातल्या गाईच्या कानातसुद्धा आता बारा आकडी पिवळा बिल्ला असतो.

आता प्रश्न असा. त्याच घरातल्या आजीच्या गुडघ्यात जो सांधा बसवलाय, त्याची जात कुठली, बॅच कुठली, आणि उद्या त्या बॅचमध्ये खोट निघाली तर तिला कोण शोधणार?

हा प्रश्न हवेतला नाही. त्याचं उत्तर आपल्या देशाला एकदा मिळालेलं आहे.

डीप्यु ही जॉन्सन अँड जॉन्सनची कंपनी. तिचा एएसआर नावाचा खुब्याचा सांधा २००३ मध्ये बाजारात आला. यात धातूवर धातू घासायचा. कल्पना अशी की प्लॅस्टिकपेक्षा धातू कमी झिजेल आणि तरुण पेशंटला जास्त वर्षं टिकेल. झालं उलटं. कोबाल्ट आणि क्रोमियमचे बारीक कण झडून रक्तात आणि आजूबाजूच्या मांसात जायला लागले. सांधा मोडला नाही, भोवतालचं शरीर बिघडलं. म्हणजे आपल्या यादीत हा '४३' नव्हे. पृष्ठभागाची झीज, ढिलेपणा, हाड विरघळणं, अशा वेगवेगळ्या कप्प्यांत हा रोग वाटला गेला होता.

हे पकडलं कुणी? ऑस्ट्रेलियाने. तिथे १९९९ पासून सांधेरोपणाची राष्ट्रीय नोंदवही आहे. कुणाला, कुठल्या बाजूला, कुठल्या कंपनीचा, कुठल्या मॉडेलचा सांधा बसवला, आणि तो पुन्हा काढावा लागला का, हे तिच्यात लिहितात. २००७ पासून त्यांच्या अहवालांत एएसआरचा आकडा वेगळा उठून दिसायला लागला. डिसेंबर २००९ मध्ये तो तिथल्या बाजारातून गेला. मग इंग्लंड-वेल्सच्या नोंदवहीतून दिसलं की पाच वर्षांत साधारण १२ ते १३ टक्के पेशंटांना हा सांधा पुन्हा काढून घ्यावा लागतोय. २४ ऑगस्ट २०१० रोजी कंपनीने जगभरातून तो परत मागवला. तोवर सुमारे ९३,००० लोकांच्या शरीरात तो बसला होता.

भारतात त्याला आयातीचा परवाना २००६ मध्ये मिळालेला. महाराष्ट्राच्या अन्न व औषध प्रशासनाने, महेश झगडे आयुक्त असताना, हे प्रकरण लावून धरलं. केंद्र सरकारने डॉ. अरुणकुमार अग्रवाल यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली ती २०१७ मध्ये, आणि तिचा अहवाल आला २०१८ मध्ये. त्यातले आकडे असे. भारतात एएसआरच्या सुमारे ४,७०० शस्त्रक्रिया झाल्या. कंपनीच्या मदतकेंद्राकडे नोंद झालेले पेशंट १,०८०. उरलेल्या ३,६०० हून अधिक लोकांचा पत्ता नाही.

हा शेवटचा आकडा पुन्हा वाचा. साडेतीन हजारांवर माणसं. पासपोर्ट, रेशनकार्ड, पॅनकार्ड, मोबाईल, सगळं असलेली. महागड्या हॉस्पिटलात लाखो रुपये भरलेली. त्यातल्या अनेकांचा खुबा दुखत असेल, त्यांना वाटत असेल वयानुसार होतंय. सरकारी समितीने पुढे भरपाईचा हिशेब ३० लाखांपासून १ कोटी २३ लाखांपर्यंत ठरवला. (कंपनी त्याविरुद्ध कोर्टात गेली, तो वेगळा विषय.) पण भरपाई द्यायला माणूस तर सापडला पाहिजे! पैशांपेक्षाही मोठी गोष्ट म्हणजे त्यांना कुणीतरी सांगायला हवं होतं की बाई, रक्तातलं कोबाल्ट तपासून घ्या.

इथे कुणी म्हणेल, भारतात कोड नव्हते म्हणून हे झालं. ते पूर्ण खरं नाही, आणि इथेच विंगेटचा दुसरा धडा कामाला येतो. टी८४.०१० हा कोड सांगतो की उजव्या खुब्याचा सांधा तुटला. कुणाचा सांधा, हे तो सांगत नाही. ती प्रत आहे, सर्व्हे नंबर नव्हे. जगातले सगळे डॉक्टर अचूक कोड लिहू लागले तरी त्या बेरजेतून 'सांधे जास्त तुटतायत' एवढंच निघेल, 'अमुक कंपनीच्या अमुक भट्टीतले तुटतायत' हे निघणार नाही.

भट्टीचं उदाहरण उगीच दिलं नाही. खुब्याच्या सांध्याला झिर्कोनिया या सिरॅमिकचा गोळा बनवणाऱ्या एका फ्रेंच कंपनीने १९९८ मध्ये भट्टी बदलली. जुन्या पद्धतीत घाणा भरून भाजत, नव्यात गोळे बोगद्यासारख्या भट्टीतून सरकत पुढे जात. डिझाइन तेच, माल तोच, पण नव्या भट्टीच्या काही बॅचेसचे गोळे लोकांच्या शरीरात फुटायला लागले. हे आपल्या ९९६.४३ चं अगदी अस्सल उदाहरण. २००१ मध्ये तो माल परत मागवला गेला, आणि 'कुठल्या बॅचेस' हे सांगता आलं ते बॅच नंबर लिहिलेले होते म्हणूनच. म्हणून अमेरिकेने २०१३ मध्ये प्रत्येक वैद्यकीय उपकरणाला स्वतंत्र ओळखनंबर देण्याचा नियम केला. कोड आणि नंबर, दोन्ही एका ओळीत आले तरच क्वेरी चालते.

आपल्याकडे आज काय आहे? तुकडे बरेच आहेत. आयसीडी-१० सरकारी आकडेवारीत आहे, आयसीडी-११ जगात २०२२ पासून लागू आहे. वैद्यकीय संज्ञांची स्नोमेड ही दुसरी मोठी यादी भारताने २०१४ मध्ये घेतली आणि तिचं राष्ट्रीय केंद्र आपल्या पुण्यातल्या सीडॅकमध्येच आहे. उपकरणांच्या दुष्परिणामांची नोंद ठेवणारा कार्यक्रम २०१५ मध्ये सुरू झाला. वैद्यकीय उपकरणांचे नवे नियम २०१८ पासून लागले. खुबा-गुडघ्याच्या सर्जनांच्या संघटनेची नोंदवही आहे, पण ती ऐच्छिक. पुण्याच्या डॉ. संचेतींनी 'इंडस' नावाचा भारतीय गुडघा केला, म्हणजे वस्तू बनवायची अक्कलही आपल्याकडे आहे. नाही तो फक्त जॉइन. (हा शब्द सांध्यालाही लागू आणि डेटाबेसलाही, मी काय करू!)

आणि हा जॉइन का होत नाही याचं उत्तरही इंदापुरातच आहे. जमिनीची प्रत लिहिली गेली कारण सरकारला सारा हवा होता. उसाची जात लिहिली जाते कारण कारखान्याला गाळप हवं असतं आणि शेतकऱ्याला बिल. अमेरिकेत ९९६.४३ लिहिला गेला कारण त्याशिवाय विमा कंपनी पैसे देत नव्हती. महात्मा फुले जनआरोग्य योजनेतसुद्धा कोड आहेत, पण ते मुख्यतः शस्त्रक्रियेच्या पॅकेजचे, कारण पैसे पॅकेजचे मिळतात. जिथे पैसा अडतो तिथे नोंद चोख होते. बसवून झालेला गुडघा दहा वर्षांनी कसा आहे, यावर आपल्याकडे कुणाचंच बिल अडत नाही. ऑस्ट्रेलियात आणि स्वीडनमध्ये सर्जन मंडळींनी बिलाची वाट न बघता वह्या सुरू केल्या, एवढाच फरक.

सांधेरोपण आता पुण्या-मुंबईपुरतं राहिलेलं नाही. २०१७ मध्ये सरकारने गुडघ्याच्या सांध्यांच्या किमतींवर मर्यादा घातली, तेव्हापासून तर ते मध्यमवर्गीय शेतकऱ्याच्याही आवाक्यात आलं. त्याच आदेशात एक कमी चर्चा झालेली गोष्ट होती. हॉस्पिटलने बिलावर सांध्याची किंमत वेगळी दाखवायची, आणि सोबत कंपनी, ब्रँड आणि बॅच नंबर लिहायचा. म्हणजे तुमच्या हातातल्या बिलावर तो सर्व्हे नंबर असायला हवा. शिवाय प्रत्येक सांध्याच्या खोक्यात छोटी स्टिकर्स येतात, मॉडेल आणि लॉट नंबर छापलेली. त्यातलं एक ओटीच्या कागदांवर लागतं. दुसरं मागून घेता येतं.

तेव्हा मंडळी, घरात कुणाचा गुडघा किंवा खुबा बदलायचा असेल तर पेढे वाटायच्या आधी ते स्टिकर डिस्चार्ज कार्डावर चिकटवून घ्या. ऑपरेशन आधीच झालं असेल तर हॉस्पिटलच्या रेकॉर्ड विभागात जाऊन लॉट नंबर लिहून आणा. उजवा की डावा, तारीख, सर्जन, कंपनी, मॉडेल, लॉट. सहा कॉलम, एक ओळ. कागदाची झेरॉक्स काढा, फोटो काढून दोन भावंडांना पाठवा. आणि मूळ प्रत कुठे ठेवायची हा प्रश्न पडला, तर प्रत्येक घरात एक फाइल असते जी पुरातही आधी उचलली जाते. सातबाऱ्याची. तिच्यात ठेवा.